सासूबाईंच्या फोटोला हार

सिनेमा करताना सगळ्यात अवघड काय मिळतं, असं लोक मला विचारतात आणि उत्तराची वाट न बघता स्वतःच सांगून टाकतात, "पैसा." साफ चूक. पैसा मिळणार नाही हे पहिल्या दिवसापासून माहीत असतं, त्यात अवघड ते काय? अवघड मिळतो तो मेलेल्या माणसाचा फोटो.

हसू नका. मराठी घरातली गोष्ट पडद्यावर सांगायची तर भिंतीवर हार घातलेला एक तरी फोटो लागतोच. या घरातले वडील गेले, किंवा आई गेली, हे प्रेक्षकाला आल्या आल्या कळलं पाहिजे. एका फोटोने दोन पानांचे संवाद वाचतात. पण तो फोटो कुणाचा लावणार? मोठे निर्माते एखाद्या ज्येष्ठ नटाला बोलावतात, मानधन देतात, फोटो काढतात. आमच्यासारख्यांनी कुणाला बोलवायचं? शेजारच्या आजोबांकडे जाऊन म्हणून बघा, "आजोबा, तुमचा एखादा चांगला फोटो द्या ना, हार घालायचाय." परत त्या दारात उभं करतील का?

तर मी स्वतंत्र दिग्दर्शक. स्वतंत्र म्हणजे काय, तर जिला सिनेमा करायला कुणीही सांगितलेलं नाही. पटकथा मी लिहिते, दिग्दर्शन मी करते, नटांना चहा मी विचारते आणि दिवस संपला की लोकेशनवर झाडूही मीच मारते. बोरिवलीला वझिऱ्यात राहते. संकलन मरोळच्या इंडस्ट्रियल इस्टेटमधल्या एका गाळ्यात चालतं. शेजारच्या गाळ्यात पत्रे कापतात, त्यामुळे माझ्या सिनेमातले शांत प्रसंग मी शांतपणे कधीच बघितलेले नाहीत. एवढ्या वर्षांत मोजकेच सिनेमे झाले. एकही धड थिएटरला लागला नाही, याचं वाईट वाटतं, उगाच कशाला लपवा? पण धंद्यात मजा इतकी आली की वाईट वाटायला वेळ मिळाला नाही.

फोटोचं म्हणत होते. अगदी सुरुवातीच्या एका सिनेमात मी शक्कल लढवली होती. वाकोल्याला फोटोफ्रेम बनवणारं एक दुकान होतं. लोक फोटो मढवायला टाकतात आणि न्यायला येतच नाहीत, असे फोटो त्याने कोपऱ्यात रचून ठेवले होते. त्यातला एक भारदस्त गृहस्थ मी निवडला. कपाळ मोठं, मिशी झकास, बघताक्षणी मेलेला वाटावा असा. हार घातला, शूटिंग उरकलं. पुढे अंधेरीच्या एका छोट्या सभागृहात खेळ ठेवला, तर मध्येच दुसऱ्या रांगेतली एक बाई उठून उभी राहिली आणि ओरडली, "अय्या, हे तर आमचे भाऊजी!" भाऊजी दहिसरला राहत होते आणि ठणठणीत होते. तिने तिथूनच त्यांना फोन लावला. उरलेला सिनेमा कुणी बघितला नाही, सगळे तो फोन ऐकत होते. त्या दिवसापासून मी कानाला खडा लावला. भिंतीवर जो लटकेल त्याची परवानगी आधी घ्यायची.

आमच्या कामाची आणखी एक गोष्ट बाहेरच्यांना सांगायला हवी, ती म्हणजे कंटिन्युइटी. मोठे लोक सलग शूटिंग करतात. आम्ही तुकड्यातुकड्यांनी करतो. पैसे असतील तोवर शूटिंग, संपले की थांबायचं, परत जमले की परत. पण पडद्यावर तो सगळा एकच दिवस दिसायला हवा. नटाची दाढी, टेबलावरचं भांडं, खिडकीचा पडदा, सगळं जिथल्या तिथे. घाटकोपरला एका काकांच्या घरात आम्ही अर्धा सिनेमा केला आणि काही महिन्यांनी उरलेला करायला गेलो, तर हॉलची भिंत पिस्ता रंगाची. काका दारात उभे, छाती फुगलेली. म्हणाले, "तुम्ही परत येणार म्हणून रंगवून घेतली. पिक्चरमध्ये आपलं घर चांगलं दिसायला नको?" झालं, वाट लागली. आमचा नायक पांढऱ्या हॉलमधून बेडरूममध्ये शिरला होता, तो आता पिस्ता हॉलमध्ये बाहेर येणार. मी जिन्यात बसले आणि तिथल्या तिथे नवा प्रसंग लिहिला. मुलीला बघायला माणसं येणार म्हणून हे कुटुंब घर रंगवायला काढतं. पुढे एका समीक्षकाने लिहिलं की भिंतीचा बदलता रंग कुटुंबाच्या आंतरिक पडझडीचं सूचन करतो. मी ते कात्रण काकांना नेऊन दाखवलं. ते म्हणाले, "मग? शेड मीच निवडली होती."

या सगळ्या अनुभवानंतर शहाणपण येऊन मी ठरवलं, पुढचा सिनेमा स्वतःच्या घरात करायचा. भिंत आपली, पडदे आपले, परवानगीची कटकट नाही. इथेच माझं चुकलं.

घरात आम्ही तिघं. मी, माझा नवरा मिलिंद, जो बँकेत आहे आणि म्हणून आम्ही जेवतो, आणि सासूबाई. सासूबाई रेशनिंग ऑफिसातून निवृत्त झालेल्या. त्यांचं काम काय, तर कार्डं तपासायची. घरातलं माणूस मेलं तरी त्याचं नाव कार्डावर जिवंत ठेवायचं आणि त्याच्या वाटची साखर उचलायची, हा लोकांचा जुना उद्योग. असल्या कुटुंबांना पकडण्यात त्यांची हयात गेली. समोरचा माणूस खोटं बोलतोय हे त्यांना तो तोंड उघडायच्या आधी कळतं. अशा बाईच्या घरात सून म्हणून नांदणं काय असतं, ते मी इथे सांगत बसत नाही. आजही त्या उत्तम आहेत, आता आतल्या खोलीत टीव्ही बघतायत आणि आवाज कमी कर म्हटलं तर वाढवतायत.

सिनेमाची गोष्ट साधी होती. घरातली आई जाऊन वर्ष झालंय. जागेचं काय करायचं म्हणून दोन मुलगे भेटतात, भांडतात. शेवटी सगळे गेल्यावर मोठी सून त्या फोटोसमोर एकटी उरते. म्हणजे फोटो आलाच, आणि तोही सगळ्या प्रसंगांत. मी चार ठिकाणी विचारून तोंड पोळून घेतलं. एकदा जेवताना मिलिंदजवळ रडगाणं गात होते, तर सासूबाई म्हणाल्या, "माझा लाव."

"आई, हार घालायचाय," मिलिंद म्हणाला.

"ऐकलं मी. जायचं तर आहेच कधीतरी. जरा बघू तरी कशी दिसते."

मला वाटलं, चला, सुटलो. पण सरकारी नोकरीतली बाई ती, अटी घातल्याशिवाय सोडते? ओळखपत्रावरचा फोटो नको, त्यात मी चोर दिसते. भाच्याच्या लग्नातला घे, मोरपंखी पैठणीतला. शेजारी नणंद उभी आहे, तिला काप. झेंडूचा हार नको, दोन दिवसांत मान टाकतो, चंदनाचा आण. आणि फोटोखाली ती लाल बल्बची माळ लावलीस तर याद राख. सगळ्या अटी मान्य करून मी फोटो मोठा करून आणला आणि हॉलमध्ये टांगला. दिसत मात्र झकास होत्या. मेलेल्या बाईच्या चेहऱ्यावर जी हुकमत हवी, ती तिथे आयती होती.

फोटो कुठल्या दिवशी टांगणार ते मिलिंदला सांगायचं राहून गेलं. तो बँकेतून आला, दारातच थांबला.

"हे काय?"

"आई."

"ते दिसतंय गं. आई कुठाय?"

"आत झोपल्यात."

तो बूट न काढताच आत जाऊन बघून आला. मग सोफ्यावर बसला आणि बूट काढायला लागला.

शूटिंग सुरू झालं. सासूबाईंना भयंकर मजा येत होती. शॉट नसला की त्या मुद्दाम स्वतःच्या फोटोखाली खुर्ची टाकून चहा पीत बसायच्या. एकदा कुरियरवाला आला. त्याने वर फोटो बघितला, खाली त्यांना बघितलं, आणि पाकीट उंबऱ्यावर ठेवून सही न घेताच निघून गेला. "आयुष्यभर मी मेलेल्यांना जिवंत दाखवणारे पकडले," त्या लाइटवाल्यांना सांगायच्या, "आणि आता माझीच सून मला जिवंतपणी मेलेली दाखवते. कुठे तक्रार करू सांगा." लाइटवाले खूश. युनिटमध्ये त्यांना सगळे आजी म्हणायला लागले, आणि मला वाटायला लागलं की हा माझा सगळ्यात सुखाचा सिनेमा होणार.

शेवटचा दिवस आला. सकाळी एकच प्रसंग उरला होता, शेवटचा. मोठ्या सुनेचं काम केतकी करत होती. गुणी मुलगी, फार समज असलेली, पण दुसऱ्या दिवसापासून मढला तिच्या मालिकेचं शूटिंग सुरू होत होतं आणि त्या भूमिकेसाठी तिचे कमरेपर्यंतचे केस मानेपर्यंत कापणार होते. म्हणजे आज नाही तर कधीच नाही. सगळ्या बिल्डिंगला मी घरोघर जाऊन विनवलं होतं की दुपारी चहाच्या वेळेपर्यंत कुणी कुकर लावू नका. आमचा आवाज जागेवरच ध्वनिमुद्रित होतो, एक शिट्टी झाली की शॉट गेला.

प्रसंग असा लिहिला होता. सगळे गेलेत. सून पदराने फोटो पुसते, हार सारखा करते, आणि फोटोकडे बघत एकच वाक्य बोलते, "आता मीठ मी माझ्या अंदाजाने घालीन." बस. सिनेमा संपला.

खरं सांगते, मला त्या वाक्याचा फार अभिमान होता. केतकीने तालमीत ते इतकं छान म्हटलं की कॅमेरामन सिद्धार्थने कॅमेऱ्यामागून मान वर काढली आणि म्हणाला, "मेधाताई, कडक!" लाइटवाले बाबूदादा हसले. सगळे हसले. आणि स्वयंपाकघराच्या दारातून आवाज आला, "कुणी लिहिलं हे?"

सासूबाई. हातात आमटीचा डाव.

आता आमच्या घरातली परिस्थिती सांगायला हवी. मी काहीही शिजवलं की त्या येतात, झाकण काढतात, डावाने थोडं तळव्यावर घेतात, चाटतात आणि एक शब्दही न बोलता मीठ घालतात. लग्न झाल्यापासून. एकदाही त्यांना ते बरोबर लागलेलं नाही.

"मीच लिहिलं," मी म्हटलं.

"हं," त्या म्हणाल्या आणि आत गेल्या.

त्या "हं"मध्येच मला कळायला हवं होतं. पण दिग्दर्शकाला सेटवर घरचं काही कळत नाही. आम्ही गच्चीवर जेवायला गेलो. जेवून खाली आलो, तर भिंतीवर नुसता खिळा.

आधी मला वाटलं, आर्टवाल्यांनी काच पुसायला काढला असेल. मग आठवलं, आर्टवाले म्हणजे मीच. आतल्या खोलीचं दार बंद होतं. मी दारावर टकटक केली.

"आई, फोटो तुमच्याकडे आहे का?"

"माझा फोटो माझ्याकडेच असणार."

"शॉट आहे आता."

"मग घे शॉट. भिंत आहे की."

घ्या! सगळ्या सिनेमात ज्या भिंतीवर फोटो दिसतोय, त्या भिंतीवर शेवटी नुसता खिळा. सिद्धार्थ माझ्या कानाशी येऊन कुजबुजला, "ताई, टेन्शन नको. फोटोची फाइल आहे ना? नाक्यावरून दुसरी प्रिंट मारून आणतो." तो अगदी हळू बोलला होता, पण दारामागून उत्तर आलं, "आणा की. मी गॅलरीत उभी राहून सगळ्या बिल्डिंगला सांगते, जिवंत बाईला तिच्या परवानगीशिवाय हार घालतात." सिद्धार्थ दोन पावलं मागे सरकला. मला दहिसरचे भाऊजी आठवले.

मिलिंदने त्या दिवशी रजा घेतली होती. तो पुढे झाला. "आई, काय लहान मुलांसारखं करतेस? पिक्चरमधलं वाक्य आहे ते."

"तू मध्ये पडू नकोस. तुझा फोटो नाही तो. तिला आत पाठव."

मी आत गेले. सासूबाई पलंगावर बसल्या होत्या. मांडीवर फोटो, त्याला हार तसाच. एक मेलेली बाई आणि एक जिवंत, दोघी माझ्याकडे रोखून बघत होत्या. मला हसू येत होतं, ते मी दाबलं. बाहेर केतकी घड्याळ बघत होती, बिल्डिंग कुकर धरून बसली होती.

"बस," त्या म्हणाल्या. "मी एवढी वर्षं या घरात आहे. तू आल्यापासून आपण रोज एका ओट्याशी उभ्या राहतो. आणि मी गेल्यावर तुला काय आठवणार? मीठ?"

"आई, ते पात्र आहे. ते तुम्ही नाही."

"फोटो कुणाचा आहे?"

मी पलंगाच्या कडेला टेकले.

"मला काय म्हणायचंय ते नीट ऐक. मला पिक्चर अडवायचा नाही. पण मी खरंच गेले तर तू काय म्हणशील, ते मला जिवंतपणी ऐकायचंय. मेल्यावर ऐकू येतं की नाही, कुणी परत येऊन सांगितलेलं नाही. तू संवाद लिहितेस ना? मग बोल. पटलं तर फोटो देते."

आता आली का पंचाईत? मी पोटासाठी दुसऱ्यांच्या मालिकांचे संवाद पण लिहिलेत, रडवायचं कसं ते मला येतं. मी आवाज जरा ओला केला आणि म्हटलं, "आई, तुमच्याशिवाय हे घर सुनं सुनं होईल."

"खोटं कार्ड," त्या म्हणाल्या. "पुढे."

"तुम्ही मला आईची माया दिलीत."

"कधी? पुरावा दाखव."

"तुम्ही होतात म्हणून मी काम करू शकले, तुम्ही घर सांभाळलंत..."

"हे तू बक्षीस घेताना बोललीस. त्या वेळी मला बसायला खुर्ची पण नव्हती. पुढे."

दारातून मिलिंदचं डोकं आत आलं. "मेधा, केतकी विचारतेय..." दोघींनी एकदम "गप!" म्हटल्यावर ते डोकं परत गेलं.

आणि माझं टाळकं सटकलं. खरंच सटकलं. दिवस हातातून चाललाय, मुलीचे केस उद्या जाणार, आणि इथे माझी तोंडी परीक्षा! मी ताडकन उठले आणि जे तोंडाला येईल ते बोलायला लागले. म्हटलं, "तुम्ही गेलात ना, तर माझी वाट लागणार आहे, कळलं? मी प्रत्येक पटकथा आधी कुणाला वाचून दाखवते? तुम्हाला! तुम्ही मेथी निवडत असता. तुम्हाला वाटतं मी कागदात बघते. मी तुमच्या हाताकडे बघत असते. हात चालू राहिला की समजायचं, सीन पडला. तुम्ही काडी हातात धरून थांबलात की मला कळतं, इथे जमलंय. तुम्ही थांबला नाहीत तो प्रत्येक सीन मी फाडून परत लिहिलाय. तुम्हाला विचारलंय का कधी, कसं वाटलं म्हणून? कशाला विचारू? तुम्ही नावंच ठेवणार. पण तुमचे हात खोटं बोलत नाहीत. उद्या तुम्ही नसलात तर मी कुणासमोर वाचू? मिलिंदसमोर? तो पहिल्याच पानाला 'छान' म्हणतो! मला कसं कळणार काय जमलं आणि काय फसलं? मी लिहायचं कसं?"

शेवटी माझा आवाज फाटला. मला लाज वाटली. बाहेर सगळं युनिट ऐकत असणार, आमची दारं पातळ आहेत.

सासूबाई बराच वेळ हार चाचपत राहिल्या. मग म्हणाल्या, "म्हणजे तुझ्या कामापुरतीच मी."

"हो!" मी ओरडले. "कामापुरतीच! मग?"

"हे खरं दिसतंय," त्या म्हणाल्या. "आमच्या काउंटरवर खोटं कार्ड घेऊन येणारा आधी रडायचा. खरा माणूस आधी साखर मागायचा."

आणि त्यांनी फोटो उचलून माझ्या हातात दिला.

मी म्हटलं, "आई, मिठाचं वाक्य मी बदलते. दोन मिनिटं द्या."

"काही बदलू नकोस. मी सगळ्यांच्या आमटीत हात घालते, मला काय माहीत नाही? राहू दे. पण त्या पोरीला सांग, फोटो पुसताना डोळ्यांवरून पदर फिरवू नकोस. मला दिसायला हवं ती काय करते ते."

शॉट झाला. केतकीने फोटो पुसला, वाक्य म्हटलं, आणि बिल्डिंगमध्ये एकही शिट्टी वाजली नाही. त्या वाक्याला सकाळी सगळे हसले होते. दुपारी कुणी हसलं नाही. वाक्य तेच, शब्द तेच, पण दरम्यान सगळ्यांनी आतलं भांडण ऐकलं होतं, केतकीनेही. तिने ते वाक्य अगदी हळू म्हटलं. मी "कट" म्हटलं आणि सिद्धार्थने अंगठा दाखवला. पॅकअप.

सगळे आवरायला लागले, पण बाबूदादा लाइट बंद करीनात. बाबूदादा मालवणचे, आमच्यापेक्षा कितीतरी जास्त सिनेमे बघितलेले. ते माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाले, "ताईनू, आजींका एकदा कॅमेऱ्यासमोर हसवा. हार घातलो तसोच उठाचा नसता. बरा नसता ता."

ही आमच्या धंद्यातली जुनी रीत. नटाने मेलेल्या माणसाचं काम केलं, की शेवटी त्याने जिवंतपणी कॅमेऱ्यात बघून हसायचं. म्हणजे कॅमेऱ्याने शेवटचा बघितला तो हसता माणूस. मी असल्या गोष्टी मानत नाही. पण फोटो सासूबाईंचा होता, तेव्हा मी म्हटलं, घ्या, लावा कॅमेरा.

सासूबाई पैठणी नेसून आल्या. तीच मोरपंखी. उभ्या राहिल्या आणि कॅमेऱ्याकडे बघून म्हणाल्या, "मी एकटीच का? हिला पण लावा."

"कुणाला?" मिलिंद घाबरला.

त्यांनी भिंतीवरचा फोटो उतरवला आणि मला दंडाला धरून त्याच्या जागी, खिळ्याखाली स्टुलावर बसवलं. फोटोवरचा चंदनाचा हार काढला आणि माझ्या गळ्यात घातला.

"आई, अगं!" मिलिंद ओरडला.

"गप रे. उलटं केलं की उतरतं. हिने माझं सांगितलं, आता मी हिचं सांगते. तू बोलू नकोस गं, मेलेली माणसं बोलत नाहीत. चालू झाला का रे कॅमेरा?"

"चालू आहे, आजी," सिद्धार्थ म्हणाला.

त्या माझ्यासमोर उभ्या राहिल्या, हाताची घडी घालून. "ही मेधा. माझी सून. हिला स्वयंपाक येत नाही. लग्न होऊन आली तेव्हा मी विचारलं, हा पिक्चर काढून पुढे काय करणार? तर म्हणाली, दुसरा काढणार. मी शेजारणीला म्हटलं, ही काही टिकायची नाही. हिचे सगळे पिक्चर मी बघितले. एकही कळला नाही. सगळ्यांत माणसं खिडकीतून बाहेर बघत बसतात." बाबूदादा खो खो हसले. "ऑफिसात बायका विचारायच्या, सून काय करते? मी म्हणायचे, घरीच असते. काय सांगणार? मग मी रिटायर झाले. निरोपसमारंभ होता. साहेब बोलले, सगळे बोलले. मग म्हणाले, ताई, आता तुम्ही दोन शब्द बोला. मी उठले. एवढी नोकरी केली, पण नोकरीचं काही सुचेचना. मी म्हटलं, माझी सून डायरेक्टर आहे. आणि खाली बसले."

सिद्धार्थने कॅमेऱ्यामागून मान वर काढली.

"हे हिला मी कधी सांगितलं नाही. सांगितलं असतं तर डोक्यावर बसली असती. आता सांगायला हरकत नाही, आता ती मेलीय."

मग त्या कॅमेऱ्याकडे वळल्या आणि मोठ्याने, तोंडभर हसल्या. मी त्यांना तसं हसताना त्याआधी कधी बघितलं नव्हतं. हसून झाल्यावर त्यांनी माझ्याकडे बघितलं.

"कट म्हण गं."

सेटवर कट फक्त दिग्दर्शकाने म्हणायचं असतं. बाकी कुणी म्हणत नाही, तसा कायदाच आहे आमच्यात. मी तोंड उघडलं. मला म्हणता येईना. सिद्धार्थ वाट बघत होता, कॅमेरा चालूच होता, आणि मी गळ्यात हार घालून स्टुलावर बसून रडत होते.

शेवटी त्यांनीच म्हटलं.